गायेगोची पाटी

पडताना दुखलं तर पडणं चुकलं. एलादिओ बारोसोला हे त्याच्या पहिल्या मालकाने शिकवलं. मालकाचं नाव कासिमिरो. तो तंबू, चार बाकं आणि नऊ नट घेऊन क्यूबाभर फिरायचा. एलादिओ एकोणीस वर्षांचा असताना त्याच्याकडे लागला आणि पहिले सात महिने फक्त पडायला शिकला. सकाळी शंभर वेळा. आधी वाळूत, मग गवतावर, मग फळ्यांवर. पाय घसरतो तो डावा, वळायचं उजवीकडे, टेकायचं कुल्ल्याच्या मांसावर, हाडावर नाही, आणि त्याच क्षणी तळहात फळीवर आपटायचा. लोकांना आवाज हाताचा येतो, त्यांना वाटतं माणूस मोडला.

कासिमिरोने दुसरी गोष्ट सांगितली ती पदरच्या वाक्यांची. लिहून दिलेलं सोडून ऐनवेळी स्वतःचं वाक्य घुसडायचं, त्याला तिथले नट मोर्सिया म्हणतात. मोर्सिया म्हणजे डुकराच्या आतड्यात रक्त आणि कांदा ठासून केलेला खाण्याचा पदार्थ. कासिमिरो म्हणायचा, ठासायच्या आधी ते वाक्य तीनदा घरी म्हणून बघ. घरचं माणूस हसलं नाही, तर कुत्र्याला घाल.

एलादिओ रेग्लाचा. हवानाच्या बंदरातून होडीने पलीकडे गेलं की रेग्ला. त्यांच्या कोपऱ्यावर सेकुंदिनो नावाच्या स्पॅनिश माणसाचं किराणा दुकान होतं. स्पेनमधून पोटासाठी आलेल्या प्रत्येकाला क्यूबात गायेगो म्हणत, तो गालिसियाचा असो नाहीतर आणखी कुठला. सेकुंदिनो मात्र खराखुरा गालिसियाचा होता. भुवया जाड, पोट कमरपट्ट्याबाहेर, आणि बोलताना जीभ दातांत अडकल्यासारखी. त्याच्या डोक्यामागे एक पाटी होती: ‘आज उधार नाही, उद्या नक्की.’ दुसऱ्या दिवशी जावं तर पाटी तीच. सगळं रेग्ला ती पाटी वाचत मोठं झालं.

नाटकातला गायेगो ठरलेला असे. दुकानदार, चिकट, तापट, आणि एखादी बाई हसून बोलली की लोण्यासारखा विरघळणारा. एलादिओने सेकुंदिनोच्या दुकानात उभं राहून त्याची जीभ उचलली, चाल उचलली, कानामागे पेन्सिल खोचायची लकब उचलली. सेकुंदिनो एकदा तंबूत येऊन ते बघून गेला. दुसऱ्या दिवशी म्हणाला, “तो माणूस कोण होता रे? माझ्या गावचा वाटतो.”

पुढची तीस वर्षं एलादिओ गायेगोच होता. आधी तंबूत, मग हवानाच्या नाटकघरांत, मग रेडिओवर. रेडिओवर पडणं दिसत नाही म्हणून मायक्रोफोनजवळ घेवड्याचं पोतं टाकायचे. एलादिओने ते बंद पाडलं आणि स्वतः पडायला लागला. पोत्याचा आवाज पोत्याचा येतो, म्हणाला. टेलिव्हिजन आलं तेव्हा सहा वर्षं दर मंगळवारी चार मिनिटं. रस्त्यात लोक त्याला गायेगो म्हणून हाक मारत. जाहिरातीत त्याचं नाव सहावं नाहीतर सातवं असायचं. त्याबद्दल त्याने कधी तोंड वाकडं केलं नाही. सातव्या नावाच्या माणसालाही जमीन तितकीच कडक लागते.

लग्न झालं सेनाइदाशी. ती शिवणकाम करायची. तालमीचं पडणं तो घरच्या अंगणात करायचा आणि ती पायरीवर बसून तांदूळ निवडायची. ती पडण्याला हसत नसे. पडायच्या आधी तो एक क्षण स्वतःच्या पायाकडे बघायचा, जणू पाय दुसऱ्या कुणाचा आहे. तिथे ती हसायची. दर वेळी. हजार वेळा पाहिलेलं असूनही. एलादिओ त्या हसण्यावर आपलं पडणं मोजायचा. हसू उशिरा आलं तर नजर चुकली.

एकोणीसशे अडुसष्ट साली क्रांतीच्या सरकारने उरलीसुरली खासगी दुकानं ताब्यात घेतली. सेकुंदिनोचं गेलं. तो तिथेच नोकर म्हणून उभा राहिला, आणि वर्षाच्या आत वारला. टेलिव्हिजनवाल्यांनी एलादिओला सांगितलं, दुकानदारावर आता हसायचं नाही, चिडायचं. एलादिओला लोकांना चिडायला लावणं जमत नव्हतं. त्याने देश सोडायचा अर्ज केला. अर्ज करणाऱ्याला आधी ऊसतोडीला पाठवत. बावन्नाव्या वर्षी त्याने कोयता धरला आणि दोन वर्षं ऊस तोडला. हात चांगला बसला त्याचा, पण कंबर कायमची धरली. सत्तर साली दोघं विमानाने मायामीला आली. माणशी एक बॅग. सेनाइदाचं शिवणयंत्र रेग्लात तिच्या बहिणीकडे, ओबदुलियाकडे राहिलं.

शहराला लागून असलेल्या हायलियात त्यांना घर मिळालं. शेजारीपाजारी सगळे आपलेच. एलादिओ अ‍ॅल्युमिनियमच्या खिडक्या करायच्या कारखान्यात लागला, सेनाइदा शर्टांच्या कॉलरी शिवायला. दर रविवारी तो आठव्या रस्त्यावरच्या एका लहान नाटकघरात गायेगो व्हायचा. एकशे दहा खुर्च्या, छताला दोन पंखे. एकदा एका मोठ्या सिनेमात काम मिळालं. वेटर. दोन दिवस ट्रे धरून उभा राहिला, ‘कॉफी, साहेब?’ हे एक वाक्य होतं. सिनेमा लागला तेव्हा वाक्य कापलेलं, तोंडही कापलेलं. फक्त हात दिसला. सेनाइदा अंधारात त्याच्या कानाशी म्हणाली, “हात तुझाच. कप बघ कसा धरलाय, फुकट द्यावा लागल्यासारखा.” आणि हसली.

शेजारच्या फेर्मिनाच्या अंगणात आंब्याचं झाड होतं. ती दर वर्षी एका डब्यात रोप करून सेनाइदाकडे आणायची. सेनाइदा दर वर्षी परत पाठवायची. आंब्याला फळ धरायला पाच वर्षं लागतात. लावून खाणार कोण? तोवर तिकडचं सरकार पडलेलं असणार, आपण इथे नसणार. नाताळच्या आदल्या दिवशी डुकराचं मांस, युकाचे उकडलेले कंद आणि काळ्या घेवड्याचा भात झाला की पेले उंचावून सगळे म्हणायचे, पुढच्या वर्षी हवानात. बाकीचे म्हणायचे आणि पीत. सेनाइदा पेला खाली ठेवून आधी छातीवर क्रॉसची खूण करायची. ओबदुलियाच्या पत्रात दर वेळी एक ओळ असायची: यंत्राला तेल घालते आहे, तू आलीस की लगेच चालेल.

अशी चौदा वर्षं गेली. फेर्मिनाच्या झाडाचे आंबे त्यांनी चौदा हंगाम खाल्ले.

चौऱ्याऐंशीच्या मार्चमध्ये ओरेस्तेसने एलादिओला चहाटळपणा न करता बसवून घेतलं. ओरेस्तेस पुमारिएगा नाटकघराचा मालक, दिग्दर्शक आणि नायक. पस्तिशीचा. बारा वर्षांचा असताना आईबापांबरोबर आला होता, हवाना त्याला अर्धीमुर्धी आठवायची. एलादिओला मास्तर म्हणायचा.

“मास्तर, तुमच्या प्रवेशात लोक संडासला जातात.”

“मग दुसरीकडे वेळ कुठे देतोस तू त्यांना?”

ओरेस्तेस हसला, पण विषय सोडला नाही. वर्षानुवर्षं चालत आलेल्या त्यांच्या नाटकात तो स्वतः हायलियातला एक माणूस होता. त्याच्या डोक्यावर नारळ पडतो आणि शुद्धीवर येतो तो तीस वर्षांपूर्वीच्या हवानात, एका गायेगोच्या दुकानात. उठल्या उठल्या तो सवयीने विचारतो, आपण हवानाला परत कधी जाणार? शिडीवर चढलेला गायेगो म्हणतो, अरे गाढवा, तू हवानातच उभा आहेस, आणि तेवढ्या धक्क्याने तिसऱ्या पायरीवरून खाली येतो. इथे हशा हवा. गेलं वर्षभर येत नव्हता. आधी खसखस होती, मग तीही गेली.

ओरेस्तेसने तीन रविवार दिले. तिसऱ्या रविवारपर्यंत हशा आला तर प्रवेश राहील. नाही तर नायक थेट समुद्रकिनाऱ्यावर जागा होईल आणि दुकान नाटकातून जाईल.

एलादिओने विचारलं, मग मी काय करू?

“बघू काहीतरी,” ओरेस्तेस म्हणाला.

एलादिओला दुसरं काही येत नव्हतं, हे दोघांनाही माहीत होतं. अडुसष्ट वर्षांचा झाला होता. इंग्रजी चाळीस शब्द, तेही खिडक्यांचे. नाटकात नोकरी करणारे पुष्कळ असतात, एलादिओ गायेगो होता. तो प्रवेश गेला की त्याच्याकडे कंबर आणि पेन्शन उरणार होती.

एनेदीना त्याच्याबरोबर त्या प्रवेशात गिऱ्हाईक व्हायची. साठीची, अंगाने भरलेली, जिभेला हाड नसलेली. ती म्हणाली, “गायेगो, तुझा माल शिळा नाही. गिऱ्हाईक मेलंय.”

“गिऱ्हाईक समोर बसलंय की.”

“ते त्याचं पोरगं आहे. त्याने दुकान बघितलंय का कधी? ते सुपरमार्केटात वाढलंय.”

एलादिओने ते ऐकून घेतलं आणि मनावर घेतलं नाही. हशा येत नसेल तर कामात खोट आहे, एवढंच त्याला समजत होतं. सोमवारपासून त्याने रोज सकाळी अंगणात सराव धरला. मागच्या बाजूला उन्हाचा एक तुकडा होता, तिथे शिडी लावली, खाली पातळ चटई. शिडी त्यानेच केलेली, नाटकातल्या मापाची. पहिल्या दिवशी वीस वेळा पडला. मधून मधून कमरेत कळ यायची. मग तो उभा राहून मोजायचा, वळणं लवकर झालं की उशिरा. सेनाइदा पायरीवर तांदूळ निवडत होती. वीसपैकी वीस वेळा तो पायाकडे बघितल्यावर ती हसली.

“म्हाताऱ्या, पुरे. शिडीची दया येऊ दे.”

“नजर बरोबर आहे ना?”

“नजर कधीचीच बरोबर आहे. माणसं चुकीची आहेत.”

पहिल्या रविवारी दुपारचा खेळ अर्धा भरलेला होता. एलादिओ शिडीवर चढला. ओरेस्तेसने विचारलं, त्याने उत्तर दिलं, पायाकडे बघितलं आणि पडला. पडणं स्वच्छ झालं. हात फळीवर असा वाजला की पंख्यावरची धूळ हलली. आणि पहिल्या रांगेतली एक बाई किंचाळली. दोन माणसं उठून रंगमंचावर चढली. एकाने त्याला काखेत धरलं, दुसरा म्हणाला, आजोबा, हलू नका, कुठे लागलं? एलादिओने गायेगोच्याच जिभेने त्यांना सांगितलं की दुकान बंद आहे, उद्या या. ते ऐकून तरी कुणीतरी हसायला हवं होतं. त्या दोघांनी त्याला खुर्चीवर बसवलं, पाणी दिलं, आणि प्रेक्षकांनी त्या दोघांसाठी टाळ्या वाजवल्या.

म्हातारा पडला की लोकांना खोटं वाटत नाही. ही गोष्ट कासिमिरोने सांगितली नव्हती. कासिमिरो पंचेचाळिसाव्या वर्षी गेला होता.

दुसऱ्या रविवारी एलादिओने वेग वाढवला. पडल्याबरोबर टुणकन उठायचं, म्हणजे लागलं नाही हे कळेल. आठवडाभर तेवढंच केलं. टुणकन उठायला कमरेतून झटका लागतो. तो झटका त्याने दातांत रुमाल धरून बसवला. खेळात तो पडला आणि उठला. कुणी किंचाळलं नाही. कुणी हसलंही नाही. ज्या शांततेत हशा यायचा त्या शांततेत एका मुलीने आजीला विचारलं, “ते आजोबा बोबडे का आहेत?”

आजी म्हणाली, “गायेगो आहेत ते.”

“म्हणजे आजारी?”

चौथ्या रांगेत सेनाइदा बसायची, कडेच्या खुर्चीवर. ती हसली होती, तिच्या ठरलेल्या जागी. एकटीच. एकशे दहा खुर्च्यांच्या त्या घरात एकाच बाईचं हसू वर गेलं आणि पंख्यांत विरलं. एलादिओला ते त्या दिवशी पहिल्यांदा जड वाटलं.

तिसऱ्या रविवारच्या आदल्या दिवशी तो दुपारी एकटाच नाटकघरात गेला. दुकानाच्या पाटीचा रंग उडाला होता. ती पाटीही त्यानेच केली होती, सेकुंदिनोच्या अक्षरांसारखी वाकडी अक्षरं काढून. दुकान जाणार असलं तरी जाईपर्यंत पाटी नीट हवी. त्याने बारीक ब्रश घेतला आणि एक एक अक्षर भरत गेला. ‘आज उधार नाही’ भरून झालं. ‘उद्या नक्की’ भरताना त्याचा हात थांबला. चौदा वर्षं ती पाटी त्याच्या डोक्यामागे होती आणि त्याच्यासमोर चौदा वर्षं एक माणूस विचारत होता, आपण हवानाला परत कधी जाणार? उत्तर त्याच्या पाठीमागेच टांगलेलं होतं. बोलायची गरज नव्हती. पडायचीही नव्हती. नुसती डबे काढायची काठी पाटीला लावायची.

एलादिओ रिकाम्या नाटकघरात मोठ्याने हसला. असं वाक्य माणसाला आयुष्यात एकदा सापडतं हे त्याला कळत होतं.

ते तीनदा घरी म्हणून बघायचं होतं. तो घरी गेला तेव्हा सेनाइदा पत्र वाचत होती. ओबदुलियाने लिहिलं होतं, यंत्राचा पट्टा तुटला होता, मोठ्या मुश्किलीने चामड्याचा एक मिळवून बसवला, आता पहिल्यासारखं चालतं. सेनाइदाने ती ओळ त्याला दोनदा वाचून दाखवली. मग विचारलं, काय झालं, तोंड का असं फुललंय? तो म्हणाला, पाटी रंगवून आलो. बाकीचं सांगितलं नाही. वेळ नव्हता, असं त्याने स्वतःला सांगितलं. वेळ होता. पूर्ण संध्याकाळ होती.

रविवारी नाटकघर भरलं. एनेदीनाने ओळखीपाळखीच्यांना फोन करून आणलं होतं, गायेगोचा शेवटचा रविवार म्हणून. पुढे म्हातारी माणसं, इस्त्रीचे सदरे, हातात पंखे. मागे त्यांची मुलं-नातवंडं. चौथ्या रांगेत सेनाइदा.

ओरेस्तेस शुद्धीवर आला, डोकं चोळत उठला आणि नाटकातल्या गायेगोला म्हणाला, “डॉन पांचो, आपण हवानाला परत कधी जाणार?”

एलादिओ तिसऱ्या पायरीवर होता. त्याने उत्तर दिलं नाही. वरच्या फळीवरचे डबे काढायची काठी सावकाश उचलली, न वळता खांद्यावरून मागे नेली आणि पाटीवर टेकवली. ‘आज उधार नाही’वर एक ठोका. मग काठी सरकवली. ‘उद्या नक्की’वर दुसरा ठोका.

मागच्या रांगांत आधी एकाचं हसू फुटलं, मग दहांचं, मग सगळी मागची बाजू फुटली. पोरं खुर्च्यांवर हात आपटत होती. एक जण उभा राहून शिट्टी मारत होता. ओरेस्तेसला स्वतःला हसू आवरेना, त्याने तोंड फिरवलं. सोळा वर्षांत एलादिओने असा हशा ऐकला नव्हता. त्याच्या पायात तो पायऱ्यांमधून वर आला.

मग त्याला पुढचे दिसले. पुढच्या सहा रांगा दगडासारख्या बसल्या होत्या. हातातले पंखे थांबले होते. एका म्हाताऱ्याने हातातली टोपी डोक्यावर घातली, छपराखाली असूनही. आणि चौथ्या रांगेत सेनाइदा उभी राहिली. तिने पर्स काखेत मारली, शेजारच्या गुडघ्यांची माफी मागितली, आणि दाराकडे गेली. दार तिने आपटलं नाही. धरून लावलं.

एलादिओने उरलेला प्रवेश पूर्ण केला. पडणंही केलं, कारण ते लिहिलेलं होतं. पायाकडे बघितलं, पडला. त्या पडण्याला मागचे आधीच्या हशाच्या जोरावर हसले. पडताना दुखलं.

घरी आला तेव्हा सेनाइदा स्वयंपाकघरात टेबलाशी तांदूळ निवडत होती. रविवारी रात्री त्यांच्याकडे भात नसायचा.

“तो विनोद होता, म्हातारे,” एलादिओ म्हणाला.

“मला माहीत आहे.”

“लोक हसले.”

“विनोद असता तर मी हसले असते. तुझ्या विनोदाला मी हसले नाही असं कधी झालंय?”

तिने एक खडा काढून ताटाच्या कडेला ठेवला.

“चौदा वर्षं मी बोलते आहे, पुढच्या वर्षी, पुढच्या वर्षी. तू एकदाही म्हणाला नाहीस, नाही जाणार म्हणून. मला वाटलं, तुलाही वाटतं. तू नुसता गप्प होतास. काउंटरमागे उभा राहिल्यासारखा.”

“मला वाटायचं—”

“घरी आधी म्हणून बघायचं असतं ना रे तुमच्यात? मग हे का नाही म्हणालास?”

याला उत्तर होतं, आणि ते दोघांना माहीत होतं. एलादिओ समोर बसला आणि ताटाच्या दुसऱ्या बाजूने तांदूळ निवडायला लागला. तिने त्याला थांबवलं नाही.

सोमवारी नाटकघरात फोन वाजत राहिला. कुणी म्हणालं, हा माणूस तिकडच्या सरकारने पाठवलेला आहे. कुणी म्हणालं, बारा वर्षं तुमच्याकडे येतो, आता येणार नाही. एका म्हाताऱ्याने बराच वेळ नुसता श्वास ऐकू येऊ दिला आणि फोन ठेवला. ओरेस्तेसने एलादिओला बोलावलं तेव्हा पाटी उतरवून भिंतीला उलटी टेकवलेली होती.

“मास्तर, हसले ते. मीही हसलो. खोटं कशाला बोलू? पण हसले ते आईबापांच्या तिकिटावर आलेले. तिकिटं काढणारे नाही हसले.”

“हशा आला तर प्रवेश राहील म्हणाला होतास.”

“म्हणालो होतो.”

“आला की.”

“आला,” ओरेस्तेस म्हणाला.

मग त्याने पुढच्या नाटकाचं सांगितलं. उन्हाळ्यात एक मयताचं प्रहसन बसवायचं होतं. नवरा मेलेला, शवपेटी मधोमध, एनेदीना विधवा, आणि सांत्वनाला येणारा प्रत्येक जण काहीतरी घोटाळा करतो. मयत म्हणून पुठ्ठ्याचा बाहुला ठेवायचा विचार होता; पण खरा माणूस असला तर बरं. चाळीस मिनिटं पडून राहायचं. पेटीत गादी घालू, कंबरेला त्रास नाही. एलादिओने विचारलं, झाकण उघडं की बंद? उघडं, ओरेस्तेस म्हणाला, तोंडावर दिवा. मग श्वास दिसेल, एलादिओ म्हणाला. विचार करतो. पण तो तेव्हाच मोजायला लागला होता.

त्या आठवड्यात फेर्मिना डब्यात रोप घेऊन आली, नेहमीसारखी, नकार ऐकायच्या तयारीने. सेनाइदाने डबा घेतला. फेर्मिना म्हणाली, अगं, अजून हवं तर दुसरं आणते, याची पानं जरा पिवळी आहेत. सेनाइदा म्हणाली, हे चालेल.

तिने एलादिओला बोलावलं आणि पायाने जागा दाखवली. मागचा उन्हाचा तुकडा. चटई अजून तिथेच होती.

“इथे?”

“ऊन इथेच आहे.”

हायलियात वीतभर मातीखाली पांढरा खडक लागतो. कुदळीने काही होत नाही, पहार लागते. पहार उभी टाकायची, फिरवायची, तुकडा सुटला की हाताने काढायचा. दोन फूट खोल आणि तेवढाच रुंद खड्डा. एलादिओने शिडी भिंतीला लावली, चटई गुंडाळली आणि सकाळी सातला सुरुवात केली. दर दहा घावांनी थांबून पाठ सरळ करत होता. अकराला खड्डा झाला. कडा सरळ, तळ सपाट. कुणी बघणार नव्हतं, तरी तळ त्याने हाताने साफ केला. सेनाइदाने रोप ठेवलं, त्याने माती लोटली, तिने पायाने दाबली. पाणी घातलं.

“पाच वर्षं,” तो म्हणाला. काहीतरी बोलायचं म्हणून.

“मोजता येतं मला.”

त्या नाताळला पेले उंचावले गेले तेव्हा ती स्वयंपाकघरात होती. बाकीच्यांनी वाक्य म्हटलं आणि प्याले. ओबदुलियाला तिने लिहिलं की यंत्र कुणाला हवं असेल तर देऊन टाक, पट्टा नवा आहे हे सांग.

मयताचं प्रहसन त्याआधीच, तिकडच्या ऐन उन्हाळ्यात, जुलैत लागलं होतं. एलादिओने तीन महिने श्वासावर काम केलं. छाती हलू द्यायची नाही, पोटानेच घ्यायचा, तोही एनेदीना गळा काढून पेटीवर पडते तेव्हा, तिच्या अंगाआड. त्या चाळीस मिनिटांत तिचं पडणं अकरा वेळा होतं. म्हणजे पूर्ण श्वास अकरा, बाकीचे चोरून. पापणी थरथरते, तिला उपाय म्हणजे बुबुळं खाली टाकायची, पायाच्या अंगठ्यांकडे. माशी बसली तर बसू द्यायची. दुसऱ्या आठवड्यात खरंच बसली. नाकावरून ओठावर गेली. त्याने काही केलं नाही.

एनेदीना त्याच्यावर पडली की हळूच बोलायची, लोकांना हुंदका वाटायचा. एकदा म्हणाली, “गायेगो, नुसता अंगठा हलव. छप्पर उडेल बघ.”

तिचं खरं होतं. मेलेल्याने अंगठा हलवला तर तीनशे माणसांचा हशा एकशे दहा खुर्च्यांतून आला असता. पण तो प्रवेश विधवेचा होता, आणि मयताचं काम मेलेलं असणं. आणि पदरचं काही घालायचं तर आधी घरी करून बघावं लागतं.

घरच्या माणसाने नाटकघरात येणं सोडलं होतं. भांडण नव्हतं. खेळाच्या दिवशी सेनाइदा त्याचा काळा सूट इस्त्री करून देई, कॉलर स्वतः बसवून देई. मग झाडाला पाणी घालायला मागे जाई. तिला कधी कुणी विचारलं तर म्हणायची, मयत बघायला तिकीट कशाला काढायचं?

डोळे मिटलेले असल्यामुळे एलादिओला खुर्च्या दिसत नसत. ऐकू मात्र सगळं यायचं. पुढच्या रांगा परत भरायला लागल्या होत्या. म्हातारी माणसं हसत होती, मागची पोरंही हसत होती, एनेदीनाला, ओरेस्तेसला, पेटीवर सांडलेल्या कॉफीला. हशा त्याच्या अंगावरून इकडून तिकडे जायचा. तो त्यातून एक आवाज शोधायचा, चौथ्या रांगेतून, कडेकडून. पायाकडे बघितल्यावर यायचा तो. इथे बघायची सोय नव्हती. तरी शोधायचा.

शेवटी चार जण पेटी उचलून विंगेत नेत. मग सगळे नट प्रेक्षकांना शेवटचा मुजरा करायला बाहेर जात, ते चारही. प्रहसनात मयताला मुजरा नव्हता. झाकण नेताना बंद केलेलं असे आणि खिटी बाहेरून होती, म्हणून टाळ्या संपून कुणी परत येईपर्यंत एलादिओ आतच असायचा. तेवढा वेळ त्याला मोकळा श्वास घेता येत होता. पहिल्या दिवशी त्याने घेतला. पुढे लक्षात आलं की पोटाला परत सवय लावायला दोन दिवस जातात. तेव्हापासून तो आतही चोरूनच घ्यायला लागला.